शिंपला, ब्रॅकिओपॉड आणि कुंभाराचे गाढव

पुराजीवशास्त्राच्या प्राथमिक पुस्तकांत एक गोष्ट हमखास सापडते. फार पूर्वी समुद्राच्या तळावर ब्रॅकिओपॉड नावाच्या कवचधारी प्राण्यांचे राज्य होते. मग शिंपले पुढे सरसावले. त्यांचे कल्ले अधिक कार्यक्षम होते, वाळूत घुसायला त्यांना पाय होता, अंगात रग होती. त्यांनी जुन्या धन्यांना हुसकून लावले आणि त्यांच्या जागेवर आपला संसार थाटला. बळी तो कान पिळी! गोष्ट आटोपशीर आहे, पाठ करायला सोपी आहे आणि दहा गुणांच्या प्रश्नाला पुरून उरते.

मीही ती लिहून गुण मिळवले आहेत. पण त्याच वर्षी तोंडी परीक्षेत फजिती झाली. परीक्षकांनी खोक्यातून एक करडा, सुपारीपेक्षा थोडा मोठा दगड काढून माझ्या हातावर ठेवला. दोन झडपा, वर पंख्यासारख्या रेघा. मी बेधडक म्हणालो, ‘शिंपला.’ परीक्षक रागावले नाहीत. त्यांनी एवढेच विचारले, ‘आरसा कुठे धरशील?’

तेव्हा कळले नाही, घरी आल्यावर कळले. शिंपल्याच्या दोन झडपा म्हणजे डावी आणि उजवी. दोन झडपांच्या मध्ये आरसा धरला तर एक झडप दुसरीचे प्रतिबिंब. ब्रॅकिओपॉडच्या झडपा वरची आणि खालची अशा असतात आणि त्या सारख्या नसतात. एक फुगीर, दुसरी चपटी. तिथे आरसा झडपांच्या मध्ये धरून उपयोग नाही. चोचीपासून कडेपर्यंत, दोन्ही झडपांच्या मधोमध उभा धरावा लागतो. म्हणजे ज्यांना आपण एकमेकांचे हाडवैरी समजतो त्यांची शरीरेच वेगवेगळ्या आराखड्यांवर बांधलेली आहेत. सारखेपणा आहे तो दाराचा, घराचा नाही.

दारातला फरकही पाहण्यासारखा आहे आणि त्यासाठी प्रयोगशाळेत जायला नको. कोकणात तिसऱ्या शिजवणारी कोणतीही बाई सांगेल की उकळत्या पाण्यात पडल्या की तिसऱ्या तोंड उघडतात. याचे कारण असे की शिंपल्याच्या बिजागरीपाशी एक लवचीक पट्टी असते आणि ती झडपा सतत उघडू पाहते. मिटून धरण्याचे काम स्नायूंचे. स्नायू सुटले की दार आपोआप उघडते. ब्रॅकिओपॉडला अशी स्प्रिंग नाही. त्याला मिटायलाही स्नायू लागतात आणि उघडायलाही. म्हणून तो बहुधा मिटल्या तोंडाने मरतो आणि दोन्ही झडपा जागच्या जागी राहून दगड होतो. शिंपल्याचे कवच मात्र बहुतेक वेळा वेगळे होऊन विखुरते. ब्रॅकिओपॉड या नावाचा अर्थ ‘हात हेच पाय’ असा काहीतरी होतो. प्रत्यक्षात हातही नाहीत आणि पायही नाहीत. कवचाच्या आत गुंडाळलेले केसाळ झुबके असतात, त्यांनी पाणी आत ओढायचे आणि त्यातले कण वेचून खायचे. नाव ठेवणाऱ्याचा गैरसमज कायमचा चिकटला. या प्राण्यांच्या नशिबी गैरसमज तेव्हापासूनच आहेत.

खंडन करायचे तर आधी पूर्वपक्ष त्याच्या पूर्ण ताकदीनिशी मांडला पाहिजे. पेंढा भरलेल्या वाघाची शिकार करण्यात अर्थ नाही. पूर्वपक्ष दुबळा नाही. आज ब्रॅकिओपॉडच्या जिवंत जाती सुमारे चारशे आहेत, शिंपल्यांच्या हजारो. जीवाश्मांत मात्र ब्रॅकिओपॉडच्या बारा हजारांहून अधिक जाती नोंदल्या गेल्या आहेत आणि पुराजीव महाकल्पातल्या चुनखडकांत त्यांचा खच पडलेला असतो. एक गट घटला, दुसरा वाढला आणि दोघेही तळावर बसून पाणी गाळून खाणारे. 1979 मध्ये स्टील-पेट्रोविच यांनी दोघांच्या शरीरक्रियेची बारकाईने तुलना केली आणि खाणे, पचवणे, हलणे या सगळ्यात शिंपला सरस असल्याचे मांडले. 1996 मध्ये शिकागोच्या जॅक सेपकोस्की यांनी गणिताची बाजू पुढे आणली. दोन गट एकमेकांच्या वाढीला आडकाठी करतात असे धरून समीकरणे लिहिली, मध्ये सामूहिक विलोपनाचा धक्का दिला, तर निघणारे आलेख प्रत्यक्ष नोंदीसारखे दिसतात. डार्विन यांनी निसर्गाला पाचरी ठोकून गच्च भरलेल्या पृष्ठभागाची उपमा दिली होती. एक पाचर आत गेली की दुसरी बाहेर ढकलली जाणार. सेपकोस्कींनी तीच उपमा पुन्हा हाती घेतली. ते अतिशय सावध अभ्यासक होते आणि त्यांच्या मांडणीत विलोपनाच्या धक्क्याला जागा होती. पाठ्यपुस्तकांनी धक्का गाळला आणि पाचर ठेवली.

आता उत्तरपक्ष. आपल्या नैयायिकांनी कारण ओळखण्यासाठी दोन कसोट्या दिल्या: अन्वय आणि व्यतिरेक. कारण असेल तिथे कार्य असावे. कारण नसेल तिथे कार्य नसावे. शिंपल्यांची वाढ हे ब्रॅकिओपॉडच्या ऱ्हासाचे कारण असेल, तर शिंपले वाढतील तसतसे ब्रॅकिओपॉड घटायला हवेत. स्टीफन जे गूल्ड आणि ब्रॅडफर्ड कॅलोवे यांनी 1980 मध्ये नेमके हेच तपासले आणि त्यांना घट दिसली नाही. दोन्ही गट कँब्रियन काळापासून आहेत. त्यानंतरची पाव अब्जाहून अधिक वर्षे ते एकाच पृथ्वीवर, अनेकदा एकाच तळावर राहिले आणि त्या सगळ्या काळात एकाच्या वाढीने दुसऱ्याचा संकोच झाल्याची खूण नाही. मग 25 कोटी 20 लाख वर्षांपूर्वी, पर्मियन काळाच्या अखेरीस, पृथ्वीच्या इतिहासातले सर्वांत मोठे विलोपन झाले. त्यात ब्रॅकिओपॉड चिरडले गेले, शिंपल्यांना ओरखडा निघाला. त्यानंतर शिंपले आपल्या जुन्याच संथ चालीने वाढत राहिले. ब्रॅकिओपॉड पूर्वपदावर आले नाहीत. या दोघांसाठी गूल्ड आणि कॅलोवे यांनी रात्रीच्या अंधारात एकमेकांजवळून निघून जाणाऱ्या जहाजांची उपमा वापरली. टक्कर झालीच नव्हती.

‘ब्रॅकिओपॉडची घडणच मागासलेली’ या आरोपाला मात्र आकडेवारीने नव्हे, एका विशिष्ट प्राण्याने उत्तर द्यावे असे मला वाटते. तो प्राणी म्हणजे रिख्टहोफेनिया.

झेलम आणि सिंधू या नद्यांच्या मध्ये, आजच्या पाकिस्तानी पंजाबात, सॉल्ट रेंज म्हणून डोंगरांची रांग आहे. खेवड्याची मिठाची खाण तिथलीच. त्या डोंगरांतल्या पर्मियन चुनखडकाला ‘प्रॉडक्टस’ या ब्रॅकिओपॉडवरून जुने भूवैज्ञानिक ‘प्रॉडक्टस चुनखडक’ म्हणत; आता त्याचे आंब, वरगल आणि छिद्रू असे शैलसमूह केले आहेत. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर अँड्र्यू फ्लेमिंग नावाच्या डॉक्टरने तिथून जीवाश्म गोळा केले आणि ते बेल्जियमच्या द कोनिंक यांच्याकडे पोचले. 1863 मध्ये द कोनिंक यांनी त्यांचे वर्णन छापले. त्यातल्या एका विचित्र नमुन्याला त्यांनी नाव दिले ‘ॲनोमिया’. ॲनोमिया म्हणजे कालवासारखा खडकाला चिकटून बसणारा शिंपला. म्हणजे युरोपातला नामांकित तज्ज्ञसुद्धा तोंडी परीक्षेत माझ्याच बाकावर बसलेला निघाला. हे समजल्यावर मला जरा बरे वाटले, हे कबूल करतो.

पुढे रिख्टहोफेन या जर्मन भूगोलतज्ज्ञाने चीनमधून आणलेल्या जीवाश्मांत याच घडणीचा प्राणी निघाला. ‘रेशीम मार्ग’ हा शब्द जगभर रूढ करणारा तो हाच रिख्टहोफेन. त्याच्या नावावरून एमानुएल कायसर यांनी 1881 मध्ये रिख्टहोफेनिया ही प्रजाती स्थापली आणि सॉल्ट रेंजचा ‘ॲनोमिया’ तिच्यात आला. मग विल्हेल्म वागेन यांनी त्याचा सविस्तर अभ्यास केला. म्युनिकचे वागेन 1870 मध्ये भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणात आले, प्रकृती न मानवल्याने काही वर्षांतच परत गेले. पण सॉल्ट रेंजच्या जीवाश्मांवरचे त्यांचे जाडजूड ग्रंथ ‘पॅलिऑन्टॉलॉजिया इंडिका’ या सर्वेक्षणाच्या मालेत एकामागून एक येत राहिले. रिख्टहोफेनियापुढे वागेनही अडखळले. ब्रॅकिओपॉडांत त्यांनी त्याच्यासाठी वेगळा उपगण केला आणि त्याला प्रवाळाशी असलेल्या साम्यावरून नाव दिले.

अडखळणे साहजिक होते. हा प्राणी पाहून कोणीही ब्रॅकिओपॉड म्हणणार नाही. खालची झडप शिंगासारखी, शंकूच्या आकाराची, मुठीत मावेल एवढी. तिचे टोक तळाला किंवा शेजाऱ्याच्या कवचाला चिकटलेले आणि बाजूने मुळांसारखे काटे फुटून आधार धरलेले. वरची झडप म्हणजे नुसते झाकण, तेही कडेवर न बसता तोंडातून थोडे खाली बसलेले. शंकूच्या भिंतीत बुडबुड्यांसारखे कप्पे: प्राणी वर सरकत जाई तसतशी खालची जागा पडदे घालून बंद करीत जाई. चहाचे मातीचे कुल्हड डोळ्यांपुढे आणा, त्याला आत झाकण बसवा आणि बाहेरून मुळ्या फोडा. असे अनेक प्राणी एकमेकांना धरून वाढत. पंख्यासारख्या दोन झडपांच्या प्राण्यापासून उत्क्रांतीने इथवर मजल मारली. याला मागासलेपण म्हणायचे तर पुढारलेपण कशाला म्हणायचे?

हा प्राणी खात कसा होता, यावर मजेदार वाद झाला. केंब्रिजचे मार्टिन रुडविक यांनी 1961 मध्ये जवळच्या प्रोरिख्टहोफेनियाची चालती प्रतिकृती बनवली, पाण्यात तिचे झाकण उघडमीट करून पाहिले आणि झाकण फडफडवूनच हा प्राणी पाणी आत-बाहेर करीत असावा असे सुचवले. तोवर अमेरिकेतल्या टेक्सासच्या ग्लास पर्वतांतून आर्थर कूपर चुनखडकाचे ढीग आणून आम्लात विरघळवत होते. तिथल्या कवचांची जागा सिलिकाने घेतलेली असल्याने दगड विरे आणि काट्याकुट्यांसकट कवचे शाबूत हाती येत. त्यांचे सहकारी रिचर्ड ग्रँट यांना झाकण फडफडण्याची कल्पना पटली नाही. इतर ब्रॅकिओपॉडप्रमाणे याही प्राण्याने केसाळ झुबक्यांनीच पाणी ओढले असावे, असे त्यांचे मत. माझा कल ग्रँट यांच्याकडे आहे. पण इथे मुद्दा वेगळा: ज्या प्राण्याच्या जेवणाबद्दल दोन निष्णात माणसे असे भांडू शकतात, त्याला ‘जुनाट, ठोकळेबाज’ म्हणण्याचा अधिकार पाठ्यपुस्तकाला कोणी दिला?

आणि आता तुलना शिंपल्यांशीच करू. जुरासिकच्या उत्तरार्धात शिंपल्यांच्या एका शाखेने हेच घर पुन्हा बांधले. रुडिस्ट नावाच्या त्या शिंपल्यांची एक झडप शंकू झाली, दुसरी झाकण. ते उष्ण, उथळ समुद्रांत दाटीवाटीने वाढले आणि क्रिटेशियसमध्ये त्यांनी चुनखडकाचे प्रचंड थर रचले. रिख्टहोफेनिया आणि रुडिस्ट शेजारी ठेवले तर दोघांच्या मध्ये कोट्यवधी वर्षे आणि दोन भिन्न प्राणिसंघ आहेत, हे सांगूनही नवख्याला पटत नाही. रुडिस्टांचे काय झाले? क्रिटेशियसच्या अखेरीस, डायनोसॉर गेले त्याच सुमारास, तेही पार संपले. तरी त्यांना कोणी ‘स्पर्धेत हरलेले’ म्हणत नाही. उल्कापाताचे बळी म्हणतात. एकाच आकाराचे दोन प्राणी, दोघांचाही अंत जागतिक संकटात. शिंपला मेला तर अपघात आणि ब्रॅकिओपॉड मेला तर नालायकी. असा न्याय गावच्या पंचायतीतही चालत नाही.

तर मग त्या संकटात नेमके काय झाले? सायबेरियात लाव्हाचे प्रचंड उद्रेक झाले, हवेत कार्बन डायऑक्साइड वाढला, समुद्र तापला, त्यातला प्राणवायू घटला. अँड्र्यू नोल, रिचर्ड बँबाक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1996 पासून दाखवून दिले आहे की या आपत्तीत कोण मेले आणि कोण वाचले याला एक सूत्र आहे. ज्यांचे कवच चुन्याचे आणि जड, पण शरीरातल्या द्रवांची आम्लता सांभाळण्याची यंत्रणा कमकुवत, श्वसन संथ, ते सर्वाधिक मेले. प्रवाळ, ब्रॅकिओपॉड, समुद्रकमळे या रांगेत होते. शिंपल्यांचे कल्ले सतत पाणी खेळवतात आणि त्यांतले अनेक चिखलात राहणारे. कोंदट पाण्याची त्यांना सवय होती. ही सवय त्यांनी ब्रॅकिओपॉडवर मात करण्यासाठी कमावली नव्हती. गावाला आग लागली तेव्हा विहिरीत उतरलेला माणूस वाचतो. त्याने शेजाऱ्याचा पराभव केला असे आपण म्हणत नाही.

संथपणाबद्दलही थोडे बोलले पाहिजे, कारण सगळा आरोप त्यावरच उभा आहे. ब्रॅकिओपॉडची चयापचयाची गती कमी असते हे खरे. 1993 मध्ये ऱ्होड्स आणि थॉम्पसन यांनी जिवंत ब्रॅकिओपॉड आणि शिंपले यांच्या आहारक्रियेची तुलना केली, तीही हाच फरक दाखवते. पण कमी खाऊन जगणे हा दुर्गुण कधीपासून झाला? जिथे अन्न तुरळक आहे तिथे कमी खर्चाचा संसारच टिकतो. अंटार्क्टिकाच्या थंड पाण्यात, न्यूझीलंडच्या फियोर्डांत, खोल समुद्रात, कपारींच्या अंधारात ब्रॅकिओपॉड आजही आहेत. त्यांचे मांसही बेचव असावे. चार्ल्स थेअर यांनी 1985 मध्ये प्रयोग केले तेव्हा मासे आणि तारामासे यांनी ब्रॅकिओपॉड नाकारले. मोटारीची रग बैलगाडीत नाही म्हणून बैलगाडी मोडकी ठरत नाही.

या वादातला सर्वांत वजनदार पुरावा माझ्या मते 2014 चा आहे. जोनाथन पेन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी शिंपले आणि ब्रॅकिओपॉड यांच्या मिळून 6066 प्रजातींच्या आकारमानांवरून, कोणत्या काळात कोणता गट किती ऊर्जा वापरत होता याचा हिशेब मांडला. दोन गोष्टी निघाल्या. एक, ब्रॅकिओपॉडची ‘सत्ता’ होती असे आपण म्हणतो त्या काळातही एकूण ऊर्जावापरात शिंपलेच पुढे होते. दोन, तेव्हापासून आजपर्यंत शिंपल्यांचा ऊर्जावापर शंभरपटीहून अधिक वाढला आहे आणि ब्रॅकिओपॉडचा निम्म्याहून अधिक घटला आहे. आता साधे गणित करा. ब्रॅकिओपॉडच्या तोंडचा प्रत्येक घास शिंपल्यांनी हिसकावला असे धरले तरी ही शंभरपट वाढ त्यातून निघत नाही. शेजाऱ्याच्या परसातली चार वांगी चोरून कोणी साखर कारखाना उभारत नाही. शिंपल्यांना नवे अन्न मिळाले, नव्या जागा मिळाल्या. त्यांची भरभराट हे स्वतंत्र प्रकरण आहे.

‘ब्रॅकिओपॉडचे राज्य’ हा शब्दप्रयोगसुद्धा जपून वापरावा. शिंपल्यांची बरीच कवचे अरागोनाइट या चुन्याच्या कमी टिकाऊ रूपाची असतात आणि तळावरच्या गाळात ती लवकर विरतात. ब्रॅकिओपॉडची बहुतेक कवचे कॅल्साइटची, टिकणारी. स्वीडनच्या गॉटलंड बेटावरच्या सिल्युरियन खडकांचा अभ्यास करून लेस्ली चर्न्स आणि पॉल राइट यांनी 2000 मध्ये दाखवले की कवचांचे सिलिकात रूपांतर लवकर झालेल्या थरांत शिंपल्यांसारखे मृदुकाय प्राणी भरपूर सापडतात, एरवीच्या थरांत ते नाहीसे झालेले असतात. म्हणजे जुन्या समुद्रातले कित्येक शिंपले आपल्याला दिसत नाहीत, कारण ते विरघळून गेले. हजेरीपटावरची नावेच पुसली गेली असतील तर वर्गात कोण जास्त होते हे कसे ठरवायचे?

इथे प्रतिपक्षाच्या हातातला सर्वोत्तम पत्ता मीच टाकतो. 2015 मध्ये ली श्यांग ल्यो, ट्रॉन्ड राइटन आणि पॉल हार्निक यांनी जीवाश्मनोंदीतल्या त्रुटी लक्षात घेऊन नव्या संख्याशास्त्रीय पद्धतीने दोन्ही गटांचा इतिहास तपासला. त्यांना आढळले की शिंपल्यांचे विलोपन वाढले की ब्रॅकिओपॉडच्या नव्या प्रजाती निर्माण होण्याचा वेग वाढतो. शिंपले ब्रॅकिओपॉडला दाबून ठेवत होते, असा त्यांचा निष्कर्ष आणि गूल्ड यांच्या जहाजांच्या उपमेवर त्यांनी लेखाच्या शीर्षकातच चिमटा काढला. नैयायिकांच्या भाषेत हा व्यतिरेकाचा पुरावा: कारण हटले, कार्य थांबले. मी तो उडवून लावणार नाही. पण तो काय सिद्ध करतो ते नीट पाहू. मोठ्या झाडाच्या सावलीत रोप खुरटते, झाड पडले की तरारते. एवढ्याने झाडाने रोपाला मारले असे होत नाही. या पुराव्यावरून शिंपले ब्रॅकिओपॉडच्या वाढीला अडसर ठरले, फार तर एवढेच ठरेल. ब्रॅकिओपॉड खाली कसे आले, त्याच घडीला का आले, याचे उत्तर त्यात नाही. शिवाय 2023 मध्ये झेन गुओ, मायकल बेंटन आणि सहकाऱ्यांनी दुसऱ्या सांख्यिकी पद्धतीने तोच प्रश्न विचारला आणि त्यांना जुरासिकच्या आधी दोन्ही गटांच्या चढउताराचा साचा सारखाच आढळला. त्यांच्या मते पर्मियनच्या अखेरीस ब्रॅकिओपॉडच्या मोठमोठ्या शाखा संपल्या, नंतरच्या तापलेल्या समुद्राला दोघांनी वेगवेगळा प्रतिसाद दिला आणि त्यातून पारडे फिरले. एकमेकांचे प्रतिस्पर्धी ते नव्हते.

ज्यांना अजूनही शंका आहे त्यांनी कच्छच्या जुरासिक खडकांकडे पाहावे. किचिन यांनी 1900 मध्ये तिथल्या ब्रॅकिओपॉडांवर ग्रंथ लिहिला आणि पुढे बकमन यांनी तिथल्याच एका जातीवरून ‘कच्छिरिंकिया’ ही प्रजाती केली. या प्रजातीचे भाऊबंद इंग्लंडच्या जुरासिक खडकांतही आहेत. महाविलोपनानंतर आठ-नऊ कोटी वर्षांनी, शिंपल्यांनी गजबजलेल्या समुद्रात ब्रॅकिओपॉडची नवी प्रजाती कच्छपासून इंग्लंडपर्यंत पसरते. हुसकून लावलेले लोक असा प्रवास करीत नाहीत.

मग शिंपल्यांची या घटनेतली भूमिका कोणती? न्यायशास्त्रात यासाठी एक नेमका शब्द आहे: अन्यथासिद्ध. त्याचे ठरलेले उदाहरण कुंभाराच्या गाढवाचे. मडके घडते तेव्हा गाढव दारात उभे असते. माती त्याच्याच पाठीवरून आलेली असते. मडक्याच्या आधी ते नेमाने हजर, तरी मडक्याचे कारण गाढव नव्हे; माती बैलगाडीने आणली असती तरी मडके झालेच असते. शिंपले हे या प्रकरणातले गाढव. संकटाच्या आधी हजर, नंतर हजर, आणि हजर असल्यामुळेच आरोपी.

ही हजेरी प्रत्यक्ष पाहायची असेल तर काश्मीरमध्ये श्रीनगरजवळ खुनमोहला, गुरयुल नाल्यात जावे. पांपोरची केशराची शेते जवळच आहेत. बिल्हण या कवीने आपले जन्मगाव म्हणून ज्या खोनमुखाचे वर्णन केले ते हेच, असे मानतात. तो इथून निघाला आणि कल्याणीच्या चालुक्यांच्या दरबारात, म्हणजे आपल्याकडे, विक्रमादित्याचा राजकवी झाला. त्याच्या गावामागच्या डोंगरात पर्मियन आणि ट्रायासिक यांची सीमा उघडी पडली आहे. जागतिक मानक म्हणून ज्या जागांचा विचार झाला त्यांत ही होती. 2001 मध्ये मान चीनमधल्या मेईशानला मिळाला. खालच्या थरांना झेवान म्हणतात. वालुकामय, कठीण, ब्रॅकिओपॉडनी भरलेले. त्यांच्या वर खुनमोहचे थर सुरू होतात, बारीक पोताचे, शेलचे, खोलावलेल्या समुद्रातले. त्यांच्या अगदी तळाशी काही थरांत पर्मियन ब्रॅकिओपॉड अजून आहेत आणि त्यांच्यासोबत एक शिंपलाही आहे. सॉल्ट रेंजमध्येही असेच: छिद्रूच्या वर कठवाईच्या थरात जुन्या वळणाचे थोडे ब्रॅकिओपॉड ट्रायासिकच्या अमोनॉइडांबरोबर आढळतात. मग ते थांबतात.

गुरयुलच्या त्या शिंपल्याचे नाव क्लॅराया. पातळ, चपटा, कागदासारखा. शेलचा पापुद्रा सोलावा तसा त्याचा ठसा सुटून येतो. वरच्या थरांत त्याचीच गर्दी आहे. बलदंड कल्ले आणि वाळू उकरणारा पाय यांची जी कथा आपण ऐकली, तिचा नायक असा नाही. क्लॅराया वाळूत घुसत नव्हता. गाळावर पडून राही, आणि प्राणवायू कमी असलेल्या तळावर दुसरे कोणी टिकत नव्हते म्हणून पसरत गेला. रिख्टहोफेनियाला हुसकून त्याने कोणतीही जागा घेतली नाही. त्या जागेवर खडक धरून उभे राहणारे तेव्हा कोणी उरलेच नव्हते. समुद्र निवळू लागला, इतर प्राणी परतू लागले आणि ट्रायासिक संपण्याच्या पुष्कळ आधी क्लॅरायाही दिसेनासा झाला. त्याला कोणी हरवले, असा प्रश्न माझ्या परीक्षेत कधी आला नाही.